पुण्यात राहून आपल्या भागाच्या दुर्लक्षित इतिहासावर माहितीपट कसा करावा

माहितीपट करायचा म्हटलं की नवीन मुलं पहिल्यांदा विचारतात, कॅमेरा कोणता घेऊ? उत्तर या लेखात आहे, पण बरंच खाली. स्थानिक इतिहासाच्या कामात आधी लागते एक जाड वही आणि लोकांच्या घरी निवांत जाऊन बसायची तयारी. माझं मत असं की तुमचा अर्ध्या तासाचा माहितीपट लोक बघतील, कौतुक करतील आणि पुढच्या व्हिडिओकडे वळतील. त्यासाठी घेतलेल्या दोन-दोन, तीन-तीन तासांच्या न कापलेल्या मुलाखती मात्र पुढे कुणाच्या तरी खऱ्या कामाच्या ठरतील. त्या नीट घेतल्या, नीट नोंदवल्या आणि योग्य ठिकाणी ठेवल्या तरच. त्यामुळे खालचे सगळे सल्ले आधी नोंदीसाठी आहेत, सिनेमासाठी नंतर.

विषय चालत जाता येईल असा घ्या

‘पेशवेकालीन पुणे’ हा पहिल्या माहितीपटाचा विषय होऊ शकत नाही. शनिवारवाड्यावर बोलणारे भरपूर आहेत, त्यात तुमची भर कशाला? त्यापेक्षा शनिवारवाड्यात पाणी कुठून यायचं ते विचारा. नानासाहेब पेशव्यांनी अठराव्या शतकाच्या मध्यात कात्रजला तलाव बांधून घेतले आणि तिथलं पाणी जमिनीखालच्या बांधीव नळातून, निव्वळ उताराच्या जोरावर, शहरातल्या हौदांपर्यंत आणलं. काळा हौद, बदामी हौद, फडके हौद ही नावं अजून रोजच्या पत्त्यांत आहेत. हौद बघितलेली माणसं थोडी. नळाच्या वाटेवर हवा जाण्यासाठी बांधलेले उच्छ्वास आजही काही ठिकाणी इमारतींच्या मधे उभे दिसतात. त्यांच्या शेजारून रोज स्कूटर काढणाऱ्यालाही ते काय आहे हे माहीत नसतं.

हा सगळाही मोठाच विषय झाला. पहिल्या कामासाठी यातला एकच हौद घ्या आणि त्यावर पाणी भरलेल्या घरांच्या आठवणी शोधा. मग आपोआप पुढचा प्रश्न येतो: त्या हौदावर कुणाला पाणी भरू देत होते आणि कुणाला नाही? जोतीराव फुल्यांनी १८६८ साली गंज पेठेतला आपल्या घरचा हौद अस्पृश्यांसाठी खुला केला. ही एक नोंद समोर ठेवली की पाण्याचा माहितीपट जातीचा माहितीपट होतो, आणि तो तसा व्हायला हवा.

दुसरं उदाहरण पानशेतचं. १२ जुलै १९६१ ला पानशेत फुटलं, पाठोपाठ खडकवासला फुटलं आणि मुठा पेठांमध्ये शिरली. दर जुलैत त्यावर लेख येतात, तेच फोटो पुन्हा छापले जातात. पण पूर ओसरल्यानंतरचं काय? पिढ्यान्‌पिढ्या वाड्यात राहिलेली माणसं अर्धगोल पत्र्याच्या निसेन हटमध्ये गेली. गोखलेनगर, लोकमान्यनगर, सहकारनगर यांच्या वाढीत या पूरग्रस्तांचा मोठा वाटा आहे. वाड्यातले भाडेकरू आणि मालक दोघं एकाच पत्र्याखाली आल्यावर त्यांच्यातलं वागणं बदललं का, यावर फारसं कुणी विचारलेलं नाही.

तांबट आळीतले ठोक्यांचे आवाज घ्या. मुळशी घ्या: १९२१ ते १९२४ च्या सत्याग्रहातले सेनापती बापट सगळ्यांना ठाऊक आहेत, पण ज्यांच्या जमिनी धरणाखाली गेल्या त्या घरांची नातवंडं आता कुठे आहेत? विषय पक्का करण्यापूर्वी एवढं बघा, की तिथे पुन्हा पुन्हा जाणं तुमच्या खिशाला आणि नोकरीला परवडेल का, आज कॅमेऱ्याला दाखवण्यासारखं काही उरलंय का, आणि एकाच घटनेबद्दल वेगवेगळं सांगणारी निदान दोन माणसं भेटतायत का. सगळे एकच गोष्ट सांगत असतील तर ती बहुधा सगळ्यांनी एकाच पुस्तकात वाचलेली असते.

आधी माणसं, मग कपाटं

पुराच्या वेळी दहा वर्षांचा असलेला मुलगा आज पंचाहत्तरीच्या आसपास आहे. तेव्हा संसार चालवणाऱ्या बायका-पुरुषांपैकी जे आहेत ते नव्वदीच्या पुढे. अभ्यास पूर्ण करून मग मुलाखती घेऊ, असं म्हणणाऱ्यांच्या हाती बऱ्याचदा नुसता अभ्यास राहतो. विषयाची प्राथमिक माहिती, दोन-चार लेख आणि एक नकाशा एवढ्या तयारीवर सर्वांत वयस्कर माणसाकडे आधी जा. कॅमेऱ्याची व्यवस्था झाली नसेल तर फोनवर आवाज तरी ध्वनिमुद्रित करा. कागद सहा महिन्यांनीही तिथेच असेल.

पहिल्या भेटीत काहीच रेकॉर्ड करू नका हा सल्ला सगळीकडे वाचायला मिळतो. नव्वदीच्या माणसाच्या बाबतीत मी तो पाळत नाही. विचारून, फोन समोर टेबलावर ठेवून, पहिल्याच दिवशी सुरू करते.

कपाटं कुठे आहेत

जुन्या कागदांच्या बाबतीत पुणेकर भाग्यवान. भारत इतिहास संशोधक मंडळ सदाशिव पेठेत आहे. १९१० साली वि. का. राजवाडे आणि खंडेराव मेहेंदळे यांनी ते स्थापन केलं. सरकारी पुणे अभिलेखागार, म्हणजे आपलं पेशवे दफ्तर, कौन्सिल हॉलच्या परिसरात आहे. तिथे कागद रुमालांत बांधलेले असतात आणि बहुतांश मोडी लिपीत. पुणे नगर वाचन मंदिर १८४८ पासूनचं आहे, पुणे मराठी ग्रंथालय १९११ चं. जुनी मासिकं, संस्थांचे सुवर्णमहोत्सवी अंक, घराण्यांचे कुलवृत्तांत असला ऐवज अशा ग्रंथालयांत मिळतो. कुलवृत्तांतांना हसू नका. कोण कुठल्या साली कुठल्या आळीत राहायला आलं हे त्यात ज्या बारकाईने असतं, ते दुसरीकडे मिळत नाही. अर्थात, ती कुलं कुणाची छापली गेली आणि कुणाची नाही, हेही ध्यानात ठेवा.

अशा ठिकाणी जाऊन “पुण्याबद्दल काही आहे का?” असं विचारलंत तर जे उत्तर मिळायचं तेच मिळेल. आपला विषय, काळ आणि ठिकाण लिहिलेला एक पानी अर्ज आणि ओळखपत्र घेऊन जा. ‘१९६१ ते १९६५, पूरग्रस्तांचं पुनर्वसन, नारायण आणि शनिवार पेठ’ असं लिहिलं की समोरच्यालाही हात कुठे घालायचा हे कळतं. फोटो काढायची परवानगी वेगळी मागावी लागते. प्रत्येक फोटोत रुमालाचा किंवा फाइलचा क्रमांक आला पाहिजे, नाहीतर महिन्याभराने तो कागद कुठला हे तुम्हालाच सांगता येणार नाही.

मोडीला घाबरायचं कारण नाही. विसाव्या शतकातला विषय असेल तर तिच्यावाचून बरंच निभतं, आणि त्याआधीचा असेल तर वाचून देणारी माणसं पुण्यात आहेत. मंडळातर्फे वर्गही होतात. १८८५ चं मुंबई इलाख्याचं गॅझेटिअर, पुणे जिल्ह्याचा अठरावा खंड, तीन भागांत आहे आणि इंटरनेटवर फुकट मिळतं. हौद, नळ, पेठा, घरांची संख्या, सगळं त्यात आहे. फक्त ते साहेबाच्या नजरेतून आहे. वर्तमानपत्रांत ‘केसरी’ १८८१ पासूनचा आणि ‘सकाळ’ १९३२ पासूनचा. जुन्या अंकांत अग्रलेख वाचत बसू नका. छोट्या जाहिराती, भाड्याच्या खोल्या, हरवले-सापडले इथे शहर जास्त खरं बोलतं.

एखाद्या वाड्यावर काम करत असाल तर नगर भूमापन कार्यालयातून मिळकत पत्रिकेचा उतारा काढा. मालकीची साखळी त्यात दिसते, आणि घरच्यांनी न सांगितलेली भांडणंही. नवीन मुलं रविवारी किंवा बुधवारी जुन्या बाजारात फिरली तरी रिकाम्या हाताने परतत नाहीत. कुणाच्या तरी घरातले अल्बम, आठ मिलिमीटरची रिळं रद्दीच्या भावात पडलेली असतात. घेतलीत तर विकणाऱ्याला ती कुठल्या भागातून आली एवढं तरी विचारून वहीत लिहा.

चलच्चित्र हवं असेल तर लॉ कॉलेज रस्त्यावरचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहेच. १९६४ साली ते सुरू झालं, पी. के. नायर यांनी ते उभं केलं, आणि आता ते राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे (एनएफडीसी) आहे. एक गोष्ट लक्षात ठेवा: संग्रहालय चित्रपट जपतं, त्यामुळे तो वापरायचा हक्क त्याच्याकडेच असतो असं नाही. हक्क निर्मात्याकडे असतील तर परवानगी तिथून आणावी लागते.

मुलाखत

इथे घाई नको, कारण सगळं काम यावर उभं आहे.

वेळ ठरवताना दुपारी एक ते चारचा विनोद बाजूला ठेवून विचार करा. गल्ली खरोखर शांत असते ती याच वेळेत, पण म्हातारी माणसं तेव्हा पेंगतात. मुलाखत सकाळी दहाच्या सुमारास घ्या. दुपारच्या शांततेत रिकाम्या खोलीचा, जिन्याचा, अंगणाचा आवाज निदान एकेक मिनिट मुद्रित करा. संकलनात सांधे लपवायला तोच कामी येतो.

खोलीत शिरल्यावर आधी कान द्या. पंखा, इन्व्हर्टर, शेजारचा कुकर, फ्रिज. फ्रिज बंद करायची परवानगी घ्या आणि स्वतःच्या गाडीची किल्ली फ्रिजमध्ये ठेवा, म्हणजे निघताना तो सुरू करायला विसरणार नाही. लेपल माइक, म्हणजे कपड्याला लावायचा छोटा माइक, आजींच्या पदराखाली लावलात तर कांजीच्या साडीची खसखस सगळ्या मुलाखतभर ऐकत बसाल. तो पदराच्या काठावर, वरच्या बाजूला, उघडा लावा. हातात काचेच्या बांगड्या असतील तर हात मांडीवरच्या उशीवर ठेवायला सांगा. बांगड्या काढा असं कधीही म्हणू नका. श्रवणयंत्र शिट्टी मारत असेल तर मुलाला किंवा सुनेला सांगून आधी ते नीट बसवून घ्या.

प्रश्न ठोस विचारा. “पूर आला तेव्हा काय वाटलं?” याला “फार भयंकर होतं हो” यापलीकडे उत्तर नसतं. “घरातून निघताना हातात काय घेतलंत?” असं मी एका आजींना विचारलं. त्या जरा थांबल्या, मग म्हणाल्या, “लोणच्याची बरणी. नुकतंच घातलेलं होतं ना. दागिने राहिले घरात आणि मी बरणी घेऊन पळतेय.” आणि पदर तोंडाला लावून हसायला लागल्या. त्या बरणीतून मग सासूबाई आल्या, कैऱ्यांचा भाव आला, कुणाच्या गच्चीवर रात्र काढली ते आलं, आणि त्या गच्चीवर कुणाला वर घेतलं नाही तेही आलं.

पाणी कुठवर चढलं होतं असं विचारलं की माणूस उठतो, भिंतीपाशी जातो आणि हात उंचावून दाखवतो. तेवढ्यासाठी कॅमेरा जरा मागे, रुंद चौकटीत ठेवा आणि माइकची वायर मोकळी असू द्या. वाड्याचा नकाशा कागदावर काढायला सांगा: दिंडी कुठे, चौक कुठे, नळ कुठे, संडास कुठे. काढता काढता माणूस जे बोलतो ते कुठल्याही प्रश्नाने निघत नाही. तो कागद तारीख आणि सही घेऊन जपून ठेवा.

घरातलं कुणीतरी मधेच “अहो, तसं नव्हतं, ते नंतरचं” असं म्हणणारच. कापू नका. कोण बोललं ते वहीत नोंदवा. वेळेबद्दल आणि तारखांबद्दल स्मृती दगा देते, तेव्हा घड्याळ विचारण्याऐवजी खुणा विचारा. मुलं शाळेत गेली होती का, दूधवाला येऊन गेला होता का, चुलीवर काय होतं? ते नंतर वर्तमानपत्राशी ताडून बघा.

उत्तर संपलं की लगेच पुढचा प्रश्न टाकू नका. मनात पाच आकडे मोजा. बऱ्याचदा खरी गोष्ट त्यानंतर येते.

संमतीपत्र मराठीत, साध्या भाषेत, एक पानाचं करा. मुलाखत कशासाठी, कुठे दाखवणार, कुठे जमा करणार, आणि कुठला भाग वगळायचा असेल तर कधीपर्यंत सांगायचं, एवढं त्यात असावं. ते वाचून दाखवा आणि ‘समजलं, चालेल’ हे कॅमेऱ्यावरही घ्या. वाड्याचा खटला चालू असेल, कुणा जिवंत माणसावर आरोप होत असेल, तर तो भाग जपा पण दाखवू नका, निदान वकिलाला विचारल्याशिवाय.

जुने फोटो घराबाहेर नेऊ नका. लहान स्कॅनर घेऊन जा, सहाशे डीपीआयला टिफमध्ये स्कॅन करा आणि मागची बाजूही करा. स्टुडिओचा शिक्का, तारीख, ‘चि. सौ. का.’ असलं काही मागेच असतं. मग एकेक फोटो हातात देऊन कोण कोण आहे ते बोलून घ्या.

आता कॅमेरा

असेल तो फोन चालेल. पैसे माइकवर आणि ट्रायपॉडवर घाला. आपल्याकडे वीज ५० हर्ट्‌झची आहे, म्हणून सेकंदाला २५ फ्रेम्स आणि शटर पन्नासावर (१/५० सेकंद) ठेवा, नाहीतर ट्यूबलाइट लुकलुकते. आवाज ४८ किलोहर्ट्‌झवर. शक्य तर दुसऱ्या यंत्रावरही तोच आवाज घ्या. बस्स.

परवानग्या

घरात, मालकाच्या संमतीने चित्रीकरण करायला कुणाची आडकाठी नाही. रस्त्यावर मोठा लवाजमा घेऊन उतरणार असाल तर स्थानिक पोलीस ठाणं आणि महापालिका. मोठ्या कामांसाठी चित्रनगरीची एक खिडकी योजनाही आहे. शनिवारवाडा, पाताळेश्वर, आगाखान पॅलेस ही पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या ताब्यातली स्मारकं. तिथे व्यावसायिक चित्रीकरणाला आगाऊ अर्ज आणि शुल्क लागतं.

ड्रोनचा मोह पुण्यात तरी आवरा. लोहगावला हवाई दलाचा तळ, खडकवासल्याला एनडीए, खडकी आणि देहूरोडला संरक्षण खात्याची ठाणी. ड्रोनसाठीच्या सरकारी ‘डिजिटल स्काय’ नकाशावर हिरवा भाग आहे का ते पाहिल्याशिवाय पंखा फिरवायचा नाही. आणि खरं सांगायचं तर ढोल-ताशाच्या संगीतावर ड्रोनने गड दाखवत सुरू होणारे मराठी माहितीपट आता पुरेसे झालेत.

जुन्या फोटोंचा कायदा थोडक्यात: पूर्वी भारतात छायाचित्राचा हक्क ते प्रकाशित झाल्याच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं टिकायचा; २०१२ च्या दुरुस्तीनंतर तो छायाचित्रकाराच्या मृत्यूच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं टिकतो. म्हणजे १९६१ साली छापून आलेला फोटो आता मोकळाच आहे असं धरून चालू नका. कधीच न छापलेल्या घरगुती फोटोंबाबतही काळजी घ्या. तिथे कुटुंबाची लेखी परवानगी घ्याच, आणि स्टुडिओने काढलेला असेल तर स्टुडिओचंही नाव द्या.

नोंद आणि साठवण

ज्या दिवशी चित्रीकरण, त्याच रात्री नोंद. फाइलच्या नावात तारीख, ठिकाण आणि व्यक्तीची आद्याक्षरं. वहीत मिनिटं लिहून विषय: ‘१२:४० बरणी, १९:०५ गच्ची’ इतकं पुरे. पूर्ण शब्दांकन नंतर करा. बोलण्याचा मजकूर करून देणारी ॲप्स वेळ वाचवतात, पण नेमके घरगुती आणि धंद्यातले शब्द चुकवतात, त्यामुळे पुन्हा ऐकण्याला पर्याय नाही.

प्रती तीन: दोन वेगवेगळ्या डिस्कवर, आणि तिसरी दुसऱ्या घरात. पावसाळ्यात जुन्या व्हीएचएस आणि मिनी डीव्ही टेपांना बुरशी धरते; कुणाच्या घरी अशा सापडल्या तर घरच्या प्लेअरमध्ये घालून बघायचा मोह टाळा आणि आधी जाणकाराला दाखवा.

संकलन

पहिला माहितीपट वीस ते तीस मिनिटांचा करा. निवेदन शेवटी लिहा, तेही जिथे माणसांच्या बोलण्यातून अर्थ पोचत नाही तिथेच. ‘काळाच्या उदरात गडप झालेला’ वगैरे वाक्यं आली की खोडा. दोन साक्षीदारांचं जमत नसेल तर दोघांनाही ठेवा, बरोबर कोण ते कागदाने सिद्ध होत असेल तर कागद दाखवा, होत नसेल तर तसंच सोडा. उपशीर्षकं मराठीतही द्या; म्हाताऱ्या माणसांचं पुटपुटणं मराठी प्रेक्षकालाही कळत नाही.

दाखवणं आणि पैसे

पहिला खेळ ज्यांनी मुलाखती दिल्या त्यांच्यासाठी, त्यांच्याच सोसायटीच्या हॉलमध्ये, निमंत्रितांपुरता ठेवा. तो संपला की लोक उठून येतात, चुका सांगतात, “आमच्याकडेही फोटो आहेत” म्हणतात. तेव्हा वही घेऊन दाराशी उभे राहा. चुका दुरुस्त करायला जागा हवी, म्हणून यूट्यूबवर टाकण्याची घाई करू नका. चित्रपटगृहात जाहीर खेळ लावायचा तर सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं. महोत्सवांत मुंबईचा मिफ माहितीपट, लघुपट आणि ॲनिमेशनपटांसाठी आहे, केरळचा आयडीएसएफएफके माहितीपट आणि लघुपटांसाठी, आणि आपला पिफ, म्हणजे पुणे आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, घरचाच.

पैशाबद्दल भ्रम नको. इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्‌ससारख्या संस्था संशोधनाला अनुदान देतात, पण अर्जात विषयाइतकंच तुमच्या हातात आत्तापर्यंत काय जमलंय हे बघितलं जातं. दोन चांगल्या मुलाखती आणि नोंदींची वही असेल तर अर्ज लिहिणं सोपं जातं. तोवर लग्नाची शूटिंग करून काम चालवणारे पुष्कळ आहेत, त्यात कमीपणा नाही.

शेवटची पायरी: जमा करणं

ही पायरी बहुतेक जण गाळतात. प्रत्येक मुलाखतीची न कापलेली प्रत पेन ड्राइव्हवर त्या कुटुंबाला द्या. सोबत छापलेल्या कागदावर तारीख, कोण बोललं, काय विषय आले ते. दुसरी प्रत एखाद्या ग्रंथालयाला किंवा संशोधन संस्थेला देण्यासाठी आधी पत्र लिहा आणि त्यांच्याकडे डिजिटल साहित्य सांभाळायची सोय काय आहे ते विचारा. नुसती डिस्क कपाटात ठेवणार असतील तर इंटरनेट आर्काइव्हवरही ठेवा, अर्थात संमतीपत्रात तशी परवानगी असेल तरच. पत्रासोबत चार गोष्टी द्या: मुलाखतींची यादी, संमतीपत्रांच्या प्रती, मिनिटवार नोंदी, आणि कुठला भाग किती वर्षं खुला करायचा नाही त्याची टीप. पोच लेखी घ्या, आवक क्रमांकासकट, आणि तो क्रमांक माहितीपटाच्या श्रेयनामावलीत टाका. पुढे शोधणाऱ्याला तिथूनच पत्ता लागेल.